संपाबद्दल नका विचारू, खाड्यांबद्दल विचारा

प्रश्न विचारणारी मुलगी पुण्यात नोकरी करते. तिचं म्हणणं थोडक्यात असं. आजीचं वय चौऱ्याऐंशी. लग्न होऊन ती मुंबईत डिलाईल रोडला आली आणि चाळीतल्या एका खोलीत वीसेक गिरणी कामगारांची खाणावळ चालवू लागली. आजोबा गिरणीत होते. १९८२ च्या संपानंतर दोघं कणकवलीजवळच्या गावी परतली. आजोबा गेले, आजी अजून तिथंच आहे. नातीला तिच्यावर माहितीपट करायचाय. आजी म्हणते, "त्यात काय सांगूचा आसा?" काका म्हणतात, घरच्या गोष्टी चव्हाट्यावर नकोत. नातीनं कॅमेरा लावून दोन तास मुलाखत घेतली, हाती काही लागलं नाही. आता आजीला बोलतं कसं करायचं, घरात काय शोधायचं, परवानग्या कुणाच्या घ्यायच्या, आणि एवढं करून ती घरगुती चित्रफीतच होणार नाही ना, असे तिचे प्रश्न आहेत.

तुमची मुलाखत मी पाहिलेली नाही, पण तिच्यात काय असेल याचा अंदाज आहे, कारण तशीच एक माझ्या कपाटात पडून आहे. २००१ साली मी माझ्या वडिलांना खुर्चीत बसवलं. मिनी डीव्हीच्या दोन टेप. वडील लालबागला गिरणीच्या साचा खात्यात, म्हणजे विणाईच्या खात्यात होते. कॅमेरा येणार म्हणून त्यांनी इस्त्रीचा शर्ट घातला, घसा साफ केला आणि भाषण दिलं. १८ जानेवारी १९८२, अडीच लाख कामगार, संपाचे पुढारी डॉक्टर दत्ता सामंत, एकाच युनियनला मान्यता देणारा १९४६ चा तो औद्योगिक संबंध कायदा, संप आजपर्यंत अधिकृतपणे मागे घेतलेलाच नाही. सगळं खरं. पण ते गेटवरच्या सभेत ऐकलेलं, चाळीच्या गॅलरीत हजारदा घोटलेलं होतं. माझे वडील त्यात कुठं नव्हतेच. दोन तासांत त्यांनी 'मी' हा शब्द चार-पाच वेळा वापरला असेल.

गिरणगावात संपाची गोष्ट प्रत्येक पुरुषाकडे तयार असते. तुम्ही विचारलंत की ती बाहेर येते, आणि तिच्यामागं बाकीचं सगळं झाकलं जातं. तुमच्या आजीची अडचण उलटी आहे. तिला कुणी कधी विचारलंच नाही, म्हणून तिच्याकडे तयार गोष्टच नाही. "त्यात काय सांगूचा आसा" हा नकार समजू नका. वीस माणसांचं जेवण करणं ही सांगण्यासारखी बाब आहे, असं तिला आजवर कुणी भासवलेलं नाही, एवढाच त्याचा अर्थ. तुम्ही "तुला तेव्हा काय वाटलं?" असं विचारलं असणार. सगळेच विचारतात. माझ्या आईला मी हा प्रश्न विचारला तेव्हा ती म्हणाली, "वाटायला वेळ कुठं होता?" आणि उठून गेली.

वाटण्याबद्दल विचारू नका, कामाबद्दल विचारा, तेही बारीकसारीक. पाळ्या तीन: सकाळी सातची, दुपारी साडेतीनची, रात्री बाराची. सातच्या पाळीवाल्याला डबा हवा साडेसहाच्या आत, दुसऱ्या पाळीवाला मध्यरात्रीनंतर जेवायला येणार, आणि रात्रपाळी करून आलेला सकाळी. मग आजी झोपायची कधी? पाणी किती वाजता यायचं? वीस माणसांच्या चपात्या की भाकऱ्या? रॉकेल कुठून? रेशनचं धान्य कुणाच्या कार्डावर? मासळी वाराची की रोजची, आणि श्रावणात काय? सुक्या बोंबलाचा वास शेजाऱ्यांना चालायचा का? बदली कामगाराला, म्हणजे रोज सकाळी गेटवर उभं राहून आज काम मिळतंय का बघणाऱ्याला, उधारी द्यायची का? किती दिवसांची? अशा प्रश्नांना उत्तर देताना माणूस आधीच आठवून ठेवलेलं सांगू शकत नाही, त्याला तिथल्या तिथं आठवावं लागतं. तुम्हाला चित्रित करायचंय ते हेच.

आणि तिला खुर्चीत बसवू नका. सुपात तांदूळ द्या, नाहीतर निवडायला भाजी द्या. हात कामाला लागले की तोंड मोकळं होतं. माझ्या आईनं तोंड उघडलं ते जुनी गोधडी उसवताना. आतल्या एका थराचं कापड ती ओळखायला लागली: हा फेंट (गिरणीतला उरलेला कापडाचा तुकडा) कुठल्या गिरणीतला, हा दिवाळीला मिळालेला, हा तुझ्या बापानं चादर म्हणून आणला आणि अर्धा निघाला फाटका. मी कॅमेरा चालू ठेवून गप्प बसले. ज्यांची गप्प बसायची तयारी नसेल त्यांनी माहितीपटाच्या वाटेला जाऊ नये, असं माझं स्पष्ट मत आहे. आजी थांबली की लगेच पुढचा प्रश्न टाकू नका. मनात दहापर्यंत मोजा. पुष्कळदा खरं उत्तर सातव्या-आठव्या आकड्याला येतं.

आता घरात काय शोधायचं. पहिली वस्तू: खाणावळीची वही. ती गेली असेल असं धरून चालू नका. उधारी बुडालेल्या बायका वह्या टाकत नाहीत. वडिलांवर मी पुढे जो चित्रपट केला, त्यातली वही आमच्या मजल्यावरच्या एका काकूंची होती. लांबट, लाल पुठ्ठ्याची, प्रत्येक माणसाला एक पान, आडवे एकतीस चौकोन. ज्या दिवशी माणूस जेवला नाही त्या चौकोनात फुली. हे खाडे. महिन्याअखेर खाडे वजा करून पैसे. खाली 'बाकी'. बऱ्याच पानांवर माणसाचं नाव नव्हतं, गावाचं होतं, कारण काकू त्यांना गावावरूनच ओळखायच्या.

ती वही मी आधी हिशोब म्हणून वाचली आणि कंटाळून ठेवून दिली. सहा महिन्यांनी परत उघडली तेव्हा दिसलं की ते कॅलेंडर आहे. शिमग्याला आठ-दहा पानांवर एकदम फुल्या, गणपतीत जवळजवळ सगळ्यांवर: माणसं गावी गेलेली. मे महिन्यात एखाद्याच पानावर सलग वीस फुल्या: हा लग्नाला गेला. आणि मग १९८२. जानेवारीचे शेवटचे काही चौकोन फुल्यांचे. फेब्रुवारीत निम्मी पानं तशीच. पावसाळ्यापर्यंत फुल्या कमी कमी होत जातात. मला वाटलं, माणसं परत आली. काकू म्हणाल्या, "अगं, खाडा परत येणाऱ्याचा मांडतात. यांची पानंच बंद झाली." मग मी विचारलं, बाकी किती राहिली? त्यांनी वहीकडे पाहिलंही नाही. अकरा माणसं, त्यांची गावं, प्रत्येकाची रक्कम, अगदी सुट्ट्या पैशांसकट. वीस वर्षांनी. रागानं नाही, रामरक्षा म्हणावी तसं. त्यातल्या एकाचं नाव घेऊन थांबल्या आणि म्हणाल्या, "ह्याची आई दोन वर्षांनी येऊन चाळीस रुपये देऊन गेली." संपाबद्दल त्या एक वाक्य बोलल्या नाहीत, तरी माझ्या अख्ख्या चित्रपटात संपाबद्दलचं तेवढंच आहे.

दुसरी वस्तू बहुतेक काकांच्याच कपाटात असेल: म्हाडाची फाइल. १ जानेवारी १९८२ ला किंवा त्यानंतर गिरणीच्या पटावर असलेल्या कामगारांना, नाहीतर त्यांच्या वारसांना, गिरण्यांच्या जमिनीवरच्या घरांसाठी अर्ज करता आले. पहिली मोठी सोडत २०१२ मध्ये निघाली, आणि अर्ज घरांच्या कितीतरी पट. त्या अर्जांसाठी कोकणात आणि घाटावर घराघरांतून कागद हुडकले गेले: तिकीट नंबर, लाल पास, सर्व्हिस सर्टिफिकेट, ईएसआयचं म्हणजे कामगार विम्याचं कार्ड, प्रॉव्हिडंट फंडाच्या चिठ्ठ्या. एरवी उंदरांनी खाल्ले असते ते कागद त्यामुळे प्लास्टिकच्या पिशवीत नीट राहिले. तुमच्या आजोबांचा अर्ज झाला असेल तर त्यांच्या गिरणीचं नाव, खातं, भरतीची तारीख तिथं मिळेल. एक सांगते, त्या पिशवीत घर न मिळाल्याचं दुःखही असतं. मागताना जपून.

आणखी काही शोधाच. मनीऑर्डरच्या पावत्या: फॉर्मच्या खालच्या पट्टीवर निरोपाला दोन-तीन ओळींची जागा असायची, तिथं लिहिलेलं पत्रापेक्षा खरं असतं. स्टुडिओतले फोटो, मागच्या शिक्क्यासकट. बँकेचं जुनं पासबुक, कारण १९७५ साली प्रेमा पुरव यांनी खाणावळवाल्या बायकांना एकत्र करून अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं आणि ज्यांना सावकाराशिवाय कुणी दारात उभं करत नव्हतं त्यांना बँकेचं कर्ज मिळवून दिलं. आजी त्यात होती का, नसेल तर का नव्हती, दोन्ही उत्तरं कामाची आहेत. फोटो अल्बममधून ओरबाडून काढू नका. काळ्या पानावर चिकटलेले असतील तर पानासकट, खिडकीच्या उजेडात, वरून सरळ कॅमेऱ्यानं टिपा. सुटे असतील ते सहाशे डीपीआयला स्कॅन करा, मागची बाजूही.

घराबाहेरच्या जागांत पहिली तुमच्या गावाची खोली. गिरणगावात कोकणातल्या कितीतरी गावांच्या मंडळांच्या खोल्या होत्या, काही अजून आहेत. एका खोलीत वीस-तीस-चाळीस पुरुष, पाळीपाळीनं झोपणार, प्रत्येकाला एक खुंटी आणि ट्रंकेपुरती जागा. तिथली माणसं तुमच्या आजीकडे जेवत असण्याची शक्यता मोठी. ग्रामस्थ मंडळाच्या जमाखर्चाच्या आणि सभांच्या वह्या कुणातरी चिटणिसाच्या घरी असतात. शाळेला पत्रे, देवळाला घंटा, अमक्याच्या प्रेताला गावी न्यायला गाडीभाडं, असं सगळं. शहर गावाला कसं पोसत होतं ते तिथं रुपये-आण्यांत दिसतं. मागची पार्श्वभूमी हवी असेल तर १९२१ पासून निघत असलेलं सरकारी लेबर गॅझेट चाळा. मुंबईतल्या कामगार कुटुंबांच्या खर्चाची पाहणी १९२३ साली छापली गेली आहे: धान्याला किती, भाड्याला किती, व्याजाला किती. काळाघोड्याच्या पुराभिलेखागारात आणि दादरच्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयात दोन-चार दिवस बसलात तर बरंच सापडेल. पण हे आजीकडे जाऊन आल्यावर. आधी वाचून गेलात तर तिच्या तोंडून गॅझेट वदवून घ्याल.

आता तुमचा घरगुती चित्रफितीचा प्रश्न. हा मला सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो, आणि याचं उत्तर मला माझ्या चुकीतून मिळालं.

वडिलांवरच्या त्या चित्रपटात एक दृश्य होतं, माझं लाडकं. जुन्या साच्यावर, म्हणजे मागावर, धोटा आडवा धागा इकडून तिकडे नेतो; त्यातली सुताची कांडी संपली की नवी घालायची, आणि धाग्याचं टोक धोट्याच्या डोळ्यातून बाहेर काढायचं. त्याला सगळ्यांत जलद उपाय म्हणजे डोळ्याला ओठ लावून श्वास आत ओढायचा. दोरा सुळकन बाहेर. सोबत कापसाची तूस छातीत. वडिलांनी रिकाम्या हातानं ते करून दाखवलं: डावा हात धोटा धरल्यासारखा, मान किंचित वाकडी, ओठांचा चंबू, आणि एक छोटासा आवाज. निवृत्तीनंतर इतक्या वर्षांनी अंगात तेवढीच लय. मी ते जवळून घेतलं, संथ केलं, वर सनईसारखं काहीतरी लावलं. (तेव्हा मी तरुण होते.) पाहणारे हळहळायचे.

मग एकदा बीडीडी चाळींच्या पटांगणात चित्रपट दाखवला. संपल्यावर मागून एक म्हातारे गृहस्थ उठले. म्हणाले, "बाई, तो दोरा तोंडानं ओढायचा होता ना, म्हणून माझ्या बापाला साचा खात्यात घेत नव्हते. त्याचं तोंड लागलेल्या धोट्याला दुसऱ्यानं तोंड कसं लावायचं? ते तुमच्या पिक्चरमध्ये कुठंय?"

मी काय बोलणार. ही गोष्ट माहीत नव्हती असंही नाही. पुस्तकात वाचलेली होती. विणाईला पगार जास्त, आणि अस्पृश्य मानलेल्या कामगारांना नेमकं तेच खातं बंद. १९२८ च्या मोठ्या संपाच्या वेळी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांपुढं ठेवला होता. मला हे ठाऊक होतं, आणि तरीही माझ्या बापाच्या ओठांकडे बघताना ते आठवलं नाही. घरचं माणूस पडद्यावर असलं की आपल्याला त्याच्यापलीकडचं दिसेनासं होतं, एवढंच त्याचं कारण. नंतर मी त्या गृहस्थांच्या घरी तीन वेळा गेले. पहिल्या दोन खेपांना कॅमेरा नेला नाही. त्यांचे वडील सूत कातायच्या रिंग खात्यात होते, आजोळकडचे एक मामा रस्ते झाडायला. त्यांच्या चाळीच्या खोल्या साधारण एकशेसाठ चौरस फुटांच्या, त्यात सोळा माणसं. दृश्य तेच ठेवलं, सनई काढली, आणि त्याच्यावर त्यांचा आवाज आला. चित्रपट तिथं माझ्या घराबाहेर पडला.

म्हणून तुमच्या आजीला एक प्रश्न विचाराच: तुझ्याकडे जेवायला कोण नव्हतं? खाणावळी गावावर आणि जातीवर चालायच्या. कुणाचं ताट वेगळं होतं, कुणाला दारातच डबा दिला जायचा, कुणी मुळातच आलं नाही. आरोप करायला म्हणून विचारू नका, चौऱ्याऐंशी वर्षांच्या बाईला कोर्टात उभं करायचं नाहीये. पण ती जे उत्तर देईल, किंवा देणार नाही, त्याच्या पाठोपाठ तुम्ही ज्या दुसऱ्या घरी जाल तिथं तुमची चित्रफीत चित्रपट होईल. तसंच दुसऱ्या बाजूनं: जी पुरुषमंडळी तिच्याकडे जेवत होती त्यांच्या बायका गावी होत्या, शेत, गुरं आणि सासू सांभाळत. त्यांतली एखादी आजीच्याच वाडीत असेल. खाणावळवाल्या बाईबद्दल त्यांना काय वाटायचं? असूया होती, चेष्टा होती, की घरधनी पोटभर जेवतोय याचा दिलासा? त्या दोघींना एका पडवीत बसवा आणि तुम्ही बाजूला व्हा.

तांत्रिक बाजू थोडक्यात सांगते, कारण तिच्यात अडकून पडणारे फार बघितलेत. कॅमेरा विकत घेऊ नका, बरा फोन पुरे, विमान मोडवर टाकून. पैसे माइकवर घाला: छातीला लावायचा एक आणि हातात धरायचा एक. चित्र थोडं हललं तर चालतं, आवाज गेला तर सगळं गेलं. आपल्याकडे वीज पन्नास हर्ट्झची, म्हणून पंचवीस फ्रेम आणि शटर एकास पन्नास ठेवा, नाहीतर ट्यूबलाइट लुकलुकते. फ्रिज बंद करावा लागला तर घराची किल्ली फ्रिजमध्ये ठेवा, म्हणजे परत चालू केल्याशिवाय जाता येणार नाही. प्रत्येक जागेचा निव्वळ आवाज, कुणी बोलत नसताना, दोन मिनिटं घ्या. साचा खात्यातल्या म्हाताऱ्यांना कमी ऐकू येतं, आयुष्य त्या खडखडाटात गेलेलं, तेव्हा त्यांच्यासमोर बसा म्हणजे ओठ दिसतील, आणि ते ओरडून बोलणार हे धरून आवाजाची पातळी आधीच उतरवून ठेवा. रोज रात्री तीन प्रती, दोन वेगवेगळ्या डिस्कवर आणि तिसरी दुसऱ्या घरी. माझी एक अख्खी गणपतीची खेप एका डिस्कबरोबर गेली, त्यावर जास्त बोलवत नाही.

परवानग्या. आजीची संमती लेखी घ्या, पण आधी कॅमेऱ्यावर तोंडी, तिच्या बोलीत, आणि एकदाच नाही. चित्रीकरणाच्या दिवशीची संमती आणि कापाकापी झालेला चित्रपट बघितल्यावरची संमती यांत फरक असतो. आजोबांच्या पत्रांचा कागद ज्याच्याकडे आहे त्याच्या मालकीचा, पण मजकुराचा हक्क लिहिणाऱ्याचा आणि त्याच्यानंतर वारसांचा. म्हणजे काका त्यात आले. त्यांना बाजूला ठेवून पत्रं वापरायचा विचार मनातून काढा. घरच्यांनी पैसे देऊन काढून घेतलेल्या स्टुडिओतल्या फोटोचा पहिला हक्क, वेगळा करार नसेल तर, काढून घेणाऱ्याचा असतो, तिथं फारशी अडचण नाही. गाण्यांचं मात्र बघा. गिरणगावावरचा प्रत्येक नवा दिग्दर्शक अण्णाभाऊ साठ्यांची 'माझी मैना' टाकतोच. अण्णाभाऊ १९६९ साली गेले, आपल्या कायद्यात हक्क मृत्यूनंतर साठ वर्षं, म्हणजे २०२९ अखेरपर्यंत. रेकॉर्डचा हक्क वेगळा. शब्द आणि ध्वनिमुद्रण दोन्हींची परवानगी घ्या, नाहीतर आजीला जात्यावरची ओवी म्हणायला सांगा. माझं मत विचाराल तर दुसरं बरं. रेल्वेच्या हद्दीत परवानगीशिवाय कॅमेरा काढू नका. जुन्या गिरण्यांच्या जागी आता मॉल आणि टॉवर आहेत, त्यांचे सुरक्षारक्षक रस्त्यावरूनही हटकतात. रस्ता सार्वजनिक आहे हे त्यांना शांतपणे सांगायचं आणि चिमणी तेवढी टिपून निघायचं. टॉवरचे शॉट कमी घ्या, तसे सगळ्यांकडे आहेत.

काकांचं. त्यांना टाळून तुम्ही हा चित्रपट करू शकाल, पण गावी जाऊ शकणार नाही. 'चव्हाट्यावर नको' यामागं बहुतेक वेळा एक ठरावीक गोष्ट असते, सगळी नाही. कुणाची तरी दारू, कुणाचं दागिन्यांचं गहाण, गावाकडची वाटणी, संपात गुपचूप कामावर गेलेला एखादा माणूस. हे शेवटचं फार नाजूक आहे. संपफोड्या हा शब्द अजून घराला चिकटून राहतो. काकांना कॅमेरा न लावता विचारा, कुठली गोष्ट नको? ती सांगितली तर वापरणार नाही असा शब्द द्या आणि पाळा. माझ्याकडे असा एक प्रसंग होता, आईच्या पाटल्यांचा. चित्रपटाला तो हवाच होता असं मला तेव्हा वाटायचं. भाऊ नको म्हणाला, मी काढला. प्रेक्षकांतल्या कुणालाही त्याची उणीव भासली नाही. भावाला मात्र तो नसल्याचं कळलं, आणि पुढच्या गणपतीत ट्रंक उघडून त्यानं मला वडिलांच्या वेळची वही काढून दिली, जी आहे हेच मला माहीत नव्हतं.

चित्रपटाची पहिली कापणी झाली की ती आधी गावी दाखवा, आजीच्या खळ्यात, चादर बांधून. पुण्या-मुंबईच्या महोत्सवांचं नंतर बघू. लोक बोलतील, मध्येच उठतील, पडद्यावरच्या माणसाला हाका मारतील. ते सगळं ऐका, चुका तिथंच कळतात. माझ्या वडिलांना मी चित्रपट दाखवला तेव्हा धोट्याच्या दृश्याआधी साचा खात्याचा आवाज येतो. गिरणी मिळाली नव्हती म्हणून तो मी एका यंत्रमागाच्या शेडमधून आणला होता. वडील पुढे झुकले, चष्मा काढला, डोळे मिटले. मला वाटलं, भरून आलं. ते म्हणाले, "हा एकटाच साचा चालतोय. आमच्या खात्यात शेकड्यांनी होते. आणि ह्याचा धोटा डावीकडे आपटतोय, बघून घे कुणालातरी."

तो आवाज मी काढून टाकला. आता तिथं ते स्वतः तोंडानं खात्याचा आवाज काढून दाखवतात, आणि आई आतून ओरडते, हळू, शेजारी झोपलेत.